पोलीस तपासातील छळाच्या तक्रारी आणि न्यायालयीन हस्तक्षेप : पालघर जिल्ह्याच्या संदर्भात

प्रस्तावना :
गुन्ह्याचा तपास हा पोलिसांचा अधिकार असून न्यायालयाने त्यात सहसा हस्तक्षेप करू नये, हे तत्त्व प्रिव्ही कौन्सिलने १९४४ मध्ये ख्वाजा नझीर अहमद खटल्यात मांडले. तथापि भारतीय राज्यघटनेच्या कलम २०(३), २१ व २२ मुळे या अधिकारास मर्यादा पडल्या. तपासाच्या काळात पोलिसांकडून छळ झाल्यास नागरिकाला न्यायालयाचे संरक्षण कोणत्या टप्प्यावर मिळते, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

शीला बारसे खटला :
पत्रकार शीला बारसे यांनी मे १९८२ मध्ये मुंबई मध्यवर्ती कारागृहातील पंधरा स्त्री कैद्यांच्या मुलाखती घेतल्या. त्यांपैकी पाच जणींनी पोलीस कोठडीत मारहाण झाल्याचे सांगितले. बारसे यांचे पत्र हीच याचिका मानून सर्वोच्च न्यायालयाने निर्मला निकेतन समाजकार्य महाविद्यालयाच्या संचालिका डॉ. अरमायटी देसाई यांच्याकडून अहवाल मागविला. १५ फेब्रुवारी १९८३ च्या निकालात स्त्रियांसाठी स्वतंत्र कोठड्या, महिला पोलिसांच्या उपस्थितीतच चौकशी आणि अटकेची माहिती नातेवाइकांना देणे, असे निर्देश दिले गेले. त्यातील एक निर्देश विशेष महत्त्वाचा होता. आरोपीला हजर केल्यावर कोठडीतील छळाबाबत काही तक्रार आहे काय, हे न्यायदंडाधिकाऱ्यांनी स्वतः विचारावे आणि वैद्यकीय तपासणीच्या हक्काची जाणीव करून द्यावी.

नियमांचा विस्तार :
अटकेचा अधिकार असणे आणि अटक समर्थनीय असणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, असे जोगिंदरकुमार खटल्यात (१९९४) स्पष्ट झाले. डी. के. बसू खटल्यात (१९९६) अटकेविषयी अकरा निर्देश दिले गेले. २०२० मध्ये परमवीर सिंग सैनी खटल्यात प्रत्येक पोलीस ठाण्यात सीसीटीव्ही बसविण्याचा आदेश झाला. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७९ नुसार स्त्रीला साक्षीदार म्हणून तिच्या निवासस्थानाबाहेर हजर राहण्याची सक्ती करता येत नाही.

पालघरचा अनुभव :
छळ म्हणजे केवळ मारहाण नव्हे. अनावश्यक अटक हाही छळच होय. पालघर ठाणे जिल्ह्यात असताना, नोव्हेंबर २०१२ मध्ये, फेसबुकवरील मजकुरावरून दोन तरुणींना अटक झाली. न्यायदंडाधिकाऱ्यांनी त्यांना जामीन दिला व पुढे दोन पोलीस अधिकारी निलंबित झाले. या घटनेनंतर दाखल झालेल्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६६अ रद्द केले, ते मात्र २४ मार्च २०१५ रोजी. तत्त्व प्रस्थापित होण्यास सव्वादोन वर्षांहून अधिक काळ लागला. अटक झालेल्या व्यक्तीला मात्र चोवीस तासांच्या आत न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे उभे करावे लागते. अटकेची गरज तपासण्याची पहिली संधी तेथेच असते.

वसई-विरार परिसर १ ऑक्टोबर २०२० पासून मीरा-भाईंदर, वसई-विरार पोलीस आयुक्तालयाच्या अखत्यारीत आहे. येथील नागरिकास कलम २२६ अन्वये मुंबई उच्च न्यायालयात दाद मागता येते. परंतु त्यासाठी वकील, पैसा व प्रवास लागतो. तपास नीट होत नसल्यास प्रथम न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जावे, असे सर्वोच्च न्यायालयानेही साकिरी वासू खटल्यात (२००८) सुचविले आहे.

निष्कर्ष :
वरिष्ठ न्यायालयांचे निर्देश पुरेसे सविस्तर आहेत. त्यांचे फलित मात्र तालुक्याच्या न्यायालयात विचारल्या जाणाऱ्या एका प्रश्नावर अवलंबून आहे. तो प्रश्न पोलिसांच्या दडपणाविना विचारला गेला आणि उत्तराची नोंद झाली, तरच पुढील दाद मागण्यास आधार मिळतो. महाविद्यालयांतील विधी साक्षरता उपक्रमांनी विद्यार्थ्यांना किमान या प्रश्नाची ओळख करून देणे आवश्यक आहे.