जॉन फाउल्ड्स यांचे तंतुवाद्य-चतुष्टय आणि दशावताराची पेटी : स्वरांतराच्या प्रश्नाचे एक विवेचन

बीजसंज्ञा : तंतुवाद्य-चतुष्टय, पावस्वर, श्रुती, हार्मोनियम, आकाशवाणी, दशावतार

१. प्रस्तावना

सिंधुदुर्ग जिल्ह्यातील तारकर्ली हे गाव कर्ली नदी आणि समुद्र यांच्या सान्निध्यात वसलेले असून आज ते प्रामुख्याने पर्यटनस्थळ म्हणून ओळखले जाते. या किनारपट्टीची सांस्कृतिक ओळख मात्र दशावताराशी निगडित आहे. कार्तिकात जत्रांचा हंगाम सुरू झाला की मालवण परिसरातील देवळांच्या प्रांगणात रात्र रात्र दशावतार रंगतो. हार्मोनियम, मृदंग आणि झांज ही त्याची मुख्य साथ होय. त्यांपैकी हार्मोनियम, म्हणजेच लोकांच्या बोलण्यातली ‘पेटी’, १९४० मध्ये ऑल इंडिया रेडिओने आपल्या कार्यक्रमांतून हद्दपार केली होती. हे वाद्य भारतीय संगीतास अयोग्य आहे असे आग्रहाने मांडणाऱ्यांमध्ये जॉन फाउल्ड्स हे इंग्रज संगीतकार होते. दोन रूढ स्वरांच्या मधल्या जागेचा शोध त्यांनी तंतुवाद्य-चतुष्टयासाठी केलेल्या रचनांतूनही घेतला होता. त्यांचा हा शोध आणि पेटीवरील आक्षेप यांचा परस्परसंबंध स्पष्ट करणे, तसेच दशावताराच्या संदर्भात तो आक्षेप कितपत टिकतो हे तपासणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

२. तंतुवाद्य-चतुष्टयाचे स्वरूप

पाश्चात्त्य संगीतात ‘स्ट्रिंग क्वार्टेट’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या प्रकारात दोन व्हायोलिन, एक व्हायोला व एक चेलो अशी चार वाद्ये असतात. या चारही वाद्यांना पडदे नसतात. सतारीच्या दांडीवर पडदे बांधलेले असतात, तर पेटीच्या पट्टीखालचा सूर आधीच ठरलेला असतो. व्हायोलिनवर वादकाचे बोट तारेवर जेथे टेकेल तेथे स्वर उमटतो. त्यामुळे दोन लगतच्या स्वरांमधील कोणतीही जागा या वाद्यांतून काढता येते. सूक्ष्म स्वरांतरांच्या प्रयोगासाठी चतुष्टय हे सोयीचे माध्यम ठरते ते यामुळेच.

३. फाउल्ड्स यांची वाटचाल

जॉन फाउल्ड्स यांचा जन्म १८८० मध्ये मँचेस्टर येथे झाला. वडील तेथील प्रसिद्ध हॅले वाद्यवृंदात बसून वाजवीत. स्वतः फाउल्ड्सही १९०० मध्ये त्याच वाद्यवृंदात चेलोवादक म्हणून दाखल झाले. १८९८ मध्येच आपण एका चतुष्टयात पावस्वरांचा प्रयोग करून पाहिल्याचे त्यांनी १९३४ च्या ‘म्युझिक टुडे’ या ग्रंथात नमूद केले आहे. पहिल्या महायुद्धातील मृतांच्या स्मरणार्थ त्यांनी रचलेले ‘अ वर्ल्ड रिक्वीम’ १९२३ पासून चार वर्षे लंडनमध्ये सादर झाले. व्हायोलिनवादक मॉड मॅकार्थी यांनी भारतात राहून येथील संगीताचा अभ्यास केला होता. त्यांच्या सहवासामुळे फाउल्ड्स यांचे लक्ष भारतीय स्वरव्यवस्थेकडे अधिक वेधले गेले. ‘एसेज इन द मोड्स’ या पियानोरचनांसाठी त्यांनी कर्नाटक संगीतातील मेलपद्धतीच्या स्वरपंक्तींचा आधार घेतला.

‘क्वार्तेत्तो इंतिमो’ हे १९३१ च्या सुमाराचे पाच भागांचे चतुष्टय त्यांच्या प्रमुख कृतींपैकी एक होय. त्यात पावस्वरांचा उपयोग आढळतो. ही कृती त्यांच्या हयातीत रसिकांपुढे आली नाही. १९८० च्या सुमारास एंडेलियन चतुष्टयाने ती वाजवली व ध्वनिमुद्रित केली. त्यानंतरच्या ‘क्वार्तेत्तो जेनियाले’ या चतुष्टयाचा केवळ एक संथ भाग उपलब्ध आहे. १९३५ मध्ये फाउल्ड्स भारतात आले, ऑल इंडिया रेडिओच्या दिल्ली केंद्रावर पाश्चात्त्य संगीत विभागाचे काम पाहू लागले आणि भारतीय वाद्ये घेऊन त्यांनी एक मिश्र वाद्यवृंद उभा केला. एप्रिल १९३९ मध्ये कलकत्ता येथे पटकीच्या आजाराने त्यांचे निधन झाले. भारतात लिहिलेल्या त्यांच्या अनेक रचना पुढे हरवल्या.

४. पावस्वर आणि श्रुती : एक आवश्यक भेद

पावस्वर म्हणजेच श्रुती, असा समज अनेकदा आढळतो. तो दूर करण्यासाठी थोडा हिशेब उपयोगी पडेल. स्वरांतर मोजण्यासाठी ‘सेंट’ हे एकक वापरतात. मध्य षड्जापासून तार षड्जापर्यंतचे अंतर १२०० सेंट मानले जाते. पियानो व पेटी यांवर या अंतराचे १२ समान भाग केलेले असतात, म्हणजे प्रत्येक भाग १०० सेंटचा. पावस्वरपद्धतीत त्याचे २४ समान भाग होतात व प्रत्येक भाग ५० सेंटचा असतो.

आता गांधाराचे उदाहरण घेऊ. तंबोऱ्याच्या षड्जाशी पूर्ण मिळणारा शुद्ध गांधार (गुणोत्तर ५:४) सुमारे ३८६ सेंटवर येतो, तर पेटीचा शुद्ध गांधार ४०० सेंटवर, म्हणजे १४ सेंट चढा असतो. मिळणारा कोमल गांधार (गुणोत्तर ६:५) सुमारे ३१६ सेंटवर येतो. पेटीवर तो ३०० सेंटवर, म्हणजे १६ सेंट उतरा मिळतो. पावस्वरांनी या दोहोंमध्ये भर पडते ती ३५० सेंटच्या स्वराची. ३८६ आणि ३१६ या दोन्ही जागा तेव्हाही हुकतातच. तात्पर्य, भागांची संख्या दुप्पट केल्याने श्रुती हाती लागत नाहीत. भारतीय परंपरेतील २२ श्रुती असमान मानल्या गेल्या असून त्यांचा संबंध षड्जाशी जुळणाऱ्या संवादाशी आहे. नझीर जैराजभॉय यांनी १९६३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या संशोधनात कलावंतांच्या प्रत्यक्ष वादनाची मापे घेतली तेव्हा एकाच स्वराची जागा कलावंतागणिक बदलते असे दिसून आले. यावरून श्रुती ही कायमची खुंटी नसून आंदोलन, मींड व रागाचा संदर्भ यांतून साकारणारी जागा आहे, असे म्हणता येते.

५. महाराष्ट्रातील पूर्वप्रयत्न

हा प्रश्न महाराष्ट्राला फाउल्ड्स यांच्या आधीपासून परिचित होता. सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल यांनी १९१० मध्ये २२ श्रुतींवर इंग्रजी पुस्तक प्रसिद्ध केले. या कामात त्यांना अब्दुल करीम खाँ यांच्या गायनाचे साहाय्य लाभले. सनदी अधिकारी अर्नेस्ट क्लेमंट्स यांनी देवलांचे काम पुढे नेले आणि लंडनच्या मूर अँड मूर या कारखान्याकडून खास श्रुती-हार्मोनियम घडवून घेतले. १९१६ च्या बडोदे येथील संगीत परिषदेत त्याचे प्रात्यक्षिक झाले, परंतु पं. विष्णु नारायण भातखंडे आदी विद्वानांचे समाधान झाले नाही. हे वाद्य रूढही झाले नाही. पट्ट्या कितीही वाढवल्या तरी स्वर स्थिरच राहतो. एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाण्याची क्रिया पट्टीवर होत नाही. श्रुती-पेटीची मर्यादा मुख्यतः येथे होती.

६. आकाशवाणीची बंदी

१९३८ मध्ये ‘द इंडियन लिसनर’ या रेडिओच्या नियतकालिकात फाउल्ड्स यांनी हार्मोनियमविरुद्ध लेख लिहिला. या शब्दातील ‘हार्म’ म्हणजे अपाय, अशी कोटी त्यांनी शीर्षकातच केली होती. रवींद्रनाथ टागोर यांचाही या वाद्यास विरोध होता. लायोनेल फील्डन प्रमुख असताना १ मार्च १९४० पासून हार्मोनियम बंद झाले. स्वातंत्र्यानंतर माहिती व नभोवाणी मंत्री डॉ. बाळकृष्ण विश्वनाथ केसकर यांच्या काळातही (१९५२–१९६२) बंदी कायम राहिली. १९७० मध्ये आकाशवाणीने या विषयावर चर्चासत्र भरवले आणि त्यानंतर निर्बंध टप्प्याटप्प्याने शिथिल झाले. ज्या मराठी मुलखात गोविंदराव टेंबे यांनी पेटीला स्वतंत्र वादनाची प्रतिष्ठा मिळवून दिली, तेथील वादकांना सुमारे तीन दशके हे सर्वांत प्रभावी व्यासपीठ बंद होते.

७. दशावतारातील पेटीचे कार्य

फाउल्ड्स यांचा आक्षेप ध्वनिशास्त्राच्या दृष्टीने चुकीचा नव्हता. पेटीचा गांधार चढा आहे आणि तिच्यावर मींड निघत नाही, हे मान्यच करावे लागते. तथापि वाद्याची योग्यता केवळ त्याच्या स्वरांतरावरून ठरत नाही. त्याच्याकडून कोणते काम अपेक्षित आहे, यावरही ती अवलंबून असते.

दशावतारात एकाच रात्री राजा, राक्षस, नारद आणि पुरुष कलावंतांनी साकारलेल्या स्त्रीभूमिका अशी अनेक पात्रे गातात. प्रत्येकाच्या गळ्याची पट्टी निराळी असते. एकाला ‘काळी एक’ सोयीची, तर दुसऱ्याला ‘पांढरी चार’ लागते. पेटीवादकाला क्षणार्धात नवा षड्ज धरावा लागतो. सप्तकाचे १२ भाग समान असल्यामुळेच कोणत्याही पट्टीला षड्ज मानून त्याच अंतरांनी वाजवता येते. एका ठरावीक षड्जासाठी काटेकोर मिळवलेली श्रुती-पेटी येथे अडचणीची ठरली असती. म्हणजे रेडिओच्या दृष्टीने जो दोष, तोच जत्रेच्या रंगभूमीवर गुण ठरतो. शिवाय संहिता लिखित नसल्याने पात्रांचे संवाद उत्स्फूर्त असतात व पद केव्हा सुरू होईल हे प्रसंगावर अवलंबून असते. अशा वेळी गायकाला आधारस्वर देणे, पदाचा मुखडा धरून ठेवणे आणि उघड्या प्रांगणात दूरवर ऐकू जाणे, ही कामे पेटी करते.

मधल्या जागा मात्र नाहीशा होत नाहीत; त्या गायकाच्या गळ्यात राहतात. पेटी चौकट देते आणि गायक तिच्या पट्ट्यांच्या मधून आपली वाट काढतो. चतुष्टयात हे काम चार वादकांची बोटे करतात, दशावतारात ते कंठाकडे असते, एवढाच फरक.

८. समारोप

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष मांडता येतात. (१) फाउल्ड्स यांनी चतुष्टयात केलेला पावस्वरांचा प्रयोग हा स्वरांमधील जागेचा प्रामाणिक शोध होता. परंतु पावस्वर आणि श्रुती या भिन्न संकल्पना आहेत. (२) हार्मोनियमवरील आक्षेप रागसंगीताच्या मर्यादेत सयुक्तिक असला तरी सरसकट बंदीचे समर्थन त्यातून होत नाही. (३) तारकर्ली–मालवण परिसरातील दशावतारासारख्या परंपरेत समविभाजित सप्तक ही कार्यात्मक गरज आहे. लोककलांतील वाद्यांचे मूल्यमापन शास्त्रीय संगीताच्या निकषांनी केल्यास त्या वाद्यांचे काम दृष्टीआड होते. कलावंतांचे मानधन, प्रसारणातील स्थान आणि अभ्यासक्रम यांविषयीचे निर्णय घेताना जत्रेतील पेटीवादकाचे कौशल्य त्याच्या रंगभूमीच्या संदर्भात तपासले जाणे अगत्याचे आहे.