डब्यात बंद झालेली आफ्रिका

१० जानेवारी १९५९. सेरेंगेटीवर उडणाऱ्या एका छोट्या विमानाला गिधाड धडकलं आणि २४ वर्षांचा वैमानिक मिखाएल ग्रझिमेक जागीच गेला. झेब्र्यासारखे पट्टे रंगवलेल्या याच विमानातून तो आणि त्याचे वडील बर्नहार्ड टांगानिकातल्या (आजच्या टांझानियातल्या) माळावरची जनावरं मोजत होते, त्यांचं चित्रण करत होते. त्यातून उभ्या राहिलेल्या माहितीपटाला १९६० मध्ये ऑस्कर मिळालं.

त्यांच्या मोजणीत विल्डबीस्ट भरले जेमतेम लाखभर. पुढे लसीकरणामुळे गुराढोरांतला बुळकांडी रोग हटला आणि १९७०च्या दशकाअखेर हाच आकडा १३ लाखांवर गेला. आजचे अफाट कळप पाहणाऱ्याला त्या आधीचं सेरेंगेटी कसं होतं, हे सांगायला अशी जुनी रिळंच उरतात. उत्तरेकडच्या पांढऱ्या गेंड्याची गोष्ट तर उलटी. शेवटचा नर ‘सुदान’ २०१८ मध्ये केनियात मरण पावला; मागे दोन माद्या राहिल्या. या गेंड्यांचा रानातला वावर आता चित्रणातच पाहायचा.

पण हे चित्रण टिकतं किती? रानावनात हिंडणारे कॅमेरामन हलक्या १६ मिलिमीटर कॅमेऱ्यावर काम करत. त्या फिल्मचा पाया बहुधा सेल्युलोज ॲसिटेटचा. उष्मा आणि दमटपणा लागला की तो विघटित होऊन ॲसेटिक आम्ल सोडतो आणि तेच आम्ल पुढची नासाडी आणखी वेगाने करतं. डबा उघडताच व्हिनेगरचा भपकारा येतो. फिल्म आक्रसलेली, कडा नागमोडी झालेल्या. म्हणून अभिलेखागारात डब्यात निळ्या कागदाची पट्टी ठेवतात. ती हिरवी, मग पिवळी होत गेली की समजायचं, रीळ इतरांपासून वेगळं काढून थंड कोठीत हलवायला हवं आणि त्याची डिजिटल प्रत लगेच करायला हवी.

डिजिटल केलं म्हणजे सुटलो, असंही नाही. ब्रिटनमधल्या ‘वाइल्डस्क्रीन’ संस्थेने २००३ मध्ये ‘आर्काइव्ह’ हा प्रकल्प सुरू केला. मूळ कल्पना बीबीसीच्या निसर्गविभागाचे माजी प्रमुख ख्रिस्तोफर पार्सन्स यांची. हजारो छायाचित्रकारांनी आणि चित्रपटकारांनी दिलेली लाखभर छायाचित्रं आणि चित्रफिती जगभरच्या शाळांना फुकट पाहता येत. २०१९ मध्ये पैशांअभावी तो बंद पडला. संग्रह सुरक्षित ठेवला गेला, पण पाहणाऱ्यांसाठी दार मिटलं.

जतन म्हणजे निव्वळ साठवण नव्हे. प्रत्येक रिळासोबत जागा, तारीख आणि प्राणी यांची नोंद नसेल, तर संशोधकाला त्याचा उपयोग तुटपुंजा. आणि आफ्रिकेत टिपलेलं हे चित्रण युरोप-अमेरिकेच्या कोठ्यांतच राहणार असेल, तर ज्यांच्या भूमीवर ते घडलं त्यांनाच ते पारखं. प्रत नैरोबीला, अरुशाला, किंशासाला पोचली पाहिजे आणि तिथल्या विद्यार्थ्याला ती परवान्याच्या खेट्यांशिवाय पाहता आली पाहिजे. निधी देणाऱ्यांनी थंड कोठीइतकाच खर्च या वाटपावरही करावा.