आवाजालाही साल असतं

गंगूबाई हनगल यांच्यावरचा माहितीपट जुळवायला बसलं की पहिली अडचण येते ती आवाजाची. १९३०च्या दशकातल्या त्यांच्या तबकड्यांवर आवाज कोवळा, बारीक, टिपेला सहज जाणारा. पुढे टॉन्सिलच्या शस्त्रक्रियेनंतर तो खाली उतरला, भारदस्त झाला. गंगूबाई म्हटलं की आपल्या कानात घुमतो तो हा. हाती येणारं चित्रण मात्र बहुतेक दूरदर्शनच्या जमान्यातलं.

एडिटिंगच्या टेबलावर मोह होतो तो इथेच. तरुणपणाची हकीकत चालू आहे, चित्र नाही. मग सत्तरीतल्या बाईंचा शॉट घ्यायचा, रंग काढून कृष्णधवल करायचा आणि त्याखाली जुनी तबकडी सोडायची. तो शॉट संथ फिरवून पाहावा. तबलजीचा हात समेवर पडतो आणि ठेका ऐकू येतो भलत्याच मात्रेवर. ओठ मिटतात, तान चालूच. बरं, हे सगळं कापून-सांधून बसवलं तरी त्या आयुष्यातली केवढी मोठी उलथापालथ आपण पुसलेली असते!

सवाई गंधर्वांकडे शिकायला त्या हुबळीहून कुंदगोळला रेल्वेने जात. त्या प्रवासाच्या दृश्याला कुठलंही वाफेचं इंजिन लावून चालत नाही. हुबळी रेल्वे वर्कशॉपचं गाव. त्या काळच्या मीटरगेजच्या जागी ब्रॉडगेजची गाडी धावली तर पहिल्याच खेळाला कुणीतरी बोलणार.

बेळगावचं प्रकरण अधिक नाजूक. डिसेंबर १९२४च्या काँग्रेस अधिवेशनाचे अध्यक्ष गांधीजी होते आणि तिथे अकरा वर्षांच्या गंगूबाई स्वागतगीत गायल्या. त्या जागी दांडीयात्रेची फिल्म पेरावीशी वाटते. पण ती १९३०ची. शिवाय सेकंदाला सोळा-अठरा फ्रेमनी टिपलेली मूक फिल्म चोविसाच्या गतीने चालवली की माणसं तुरुतुरु पळू लागतात. मी तिथे बाईंची उतारवयातली मुलाखतच लावतो. आठवण आहे, ती आठवण म्हणूनच दिसावी.

तबकडी लावायचीच तर पडद्यावर तिचं लेबल ठेवावं, साल लिहावं, आणि ती तीन-सव्वातीन मिनिटं पूर्ण वाजू द्यावी. वर निवेदन चढवू नये. लगेच पुढे उत्तरायुष्यातला विलंबित खयाल, तोही निदान एक आवर्तन न कापता. दोन्ही लागोपाठ ऐकले की प्रेक्षक आपणहून विचारतो, ‘ह्या त्याच का?’ शस्त्रक्रियेची हकीकत तिथून सुरू करावी.