घानांतील रंगांची भाषा

लाल रंग मंगलाचा, ही समजूत आमच्या अंगीं लहानपणापासून इतकी भिनलेली असते कीं, जगांत दुसरी कांहीं समजूत असेल हें ध्यानींच येत नाहीं. पश्चिम आफ्रिकेंतील घाना देशांत जाणाऱ्यानें मात्र ती दाराबाहेर ठेवूनच आंत जावें. तेथील अशांटी लोकांत घरांत मृत्यु झाला म्हणजे जवळचे आप्त लाल वस्त्र पांघरतात. इतर मंडळी काळ्या अगर गडद तांबूस वस्त्रांत येतात. ‘डोळे लाल झाले’ असें त्यांच्या ट्वी भाषेंत म्हटलें म्हणजे मनुष्य दुःखानें वा संतापानें पेटला आहे, असें समजावें. निषेधास निघालेले कामगारही डोक्याला लाल फडकें बांधतात. उलट पांढरा रंग आनंदाचा व विजयाचा. न्यायसभेंत निर्दोष ठरलेल्या मनुष्याच्या अंगाला पांढरी माती फांसण्याची तेथें जुनी चाल आहे. पिकल्या वयाचें माणूस गेलें तर शोकांतही पांढऱ्यास स्थान मिळतें.

मौज अशी कीं, या भाषेंत मूळचे रंगवाचक शब्द तीनच: काळा, पांढरा आणि लाल. पिवळा, नारिंगी, तपकिरी हे सारे लालाच्याच पोटांत. हिरव्याला ‘कोवळें पान’ म्हणावयाचें. इतक्या थोड्या शब्दांवर निभावणाऱ्या या लोकांचें केंते नांवाचें वस्त्र पाहिलें म्हणजे मन थक्क होतें. कुमासी शहराजवळच्या बोनविरे गांवीं पुरुष विणकर सुमारें चार इंच रुंदीच्या लांब पट्ट्या विणतात आणि त्या एकमेकींस शिवून मोठें वस्त्र तयार होतें. पुरुष तें डाव्या खांद्यावरून घेऊन उजवा खांदा उघडा ठेवतात. पूर्वीं हें वस्त्र पांढऱ्या व निळ्या सुताचेंच असे. अठराव्या शतकांत राजा ओपोकू वारे यानें युरोपियन व्यापाऱ्यांकडील रंगीत रेशमी कापड विकत घेवविलें, तें उसवविलें, आणि निघालेल्या धाग्यांनीं आपल्या मागांवर नवें वस्त्र विणविलें, अशी हकीकत रोमर नांवाच्या डेनिश व्यापाऱ्यानें १७६० सालीं छापलेल्या ग्रंथांत आहे. जुना लोंकरी स्वेटर उसवून नवा विणणाऱ्या आमच्या भगिनींस या राजाविषयीं आपलेपणा वाटल्यावांचून राहणार नाहीं!

या वस्त्राच्या प्रत्येक नक्षीस नांव असतें, आणि त्या नांवांतच खरी गंमत आहे.

६ मार्च १९५७ रोजीं हा देश इंग्रजांच्या ताब्यांतून मुक्त झाला. थिओडोसिया ओको या चित्रकार व शिक्षिका असलेल्या बाईंनीं त्याचें निशाण रेखिलें. त्यांत लाल पट्टा स्वातंत्र्यासाठीं सांडलेल्या रक्ताचा, पिवळा सोन्याचा, हिरवा अरण्याचा. आणि मध्यें आफ्रिकेच्या मुक्तीचा काळा तारा. पिवळ्याचें महत्त्व येथें विशेष आहे. या भूमीस इंग्रज ‘सोन्याचा किनारा’ म्हणत, आणि १९०० सालीं त्यांच्या गव्हर्नरानें अशांट्यांचें पवित्र सुवर्णासन मागितलें तेव्हां या आसांतेवा या राणीच्या नेतृत्वाखालीं युद्ध पेटलें होतें. युद्ध हरलें, पण आसन इंग्रजांच्या हातीं लागलें नाहीं.

स्वातंत्र्याच्याच वर्षाअखेर पुढारी क्वामे एन्क्रुमा यांनीं फातिया या मिसरी तरुणीशीं विवाह केला. लोकांनीं एका केंतेस नांव दिलें: ‘फातिया एन्क्रुमास शोभते’. पुढें दिवस पालटले. विरोधक चौकशीवांचून तुरुंगांत जाऊं लागले, आणि १९६४ सालीं एन्क्रुमांचा पक्ष तेवढा कायदेशीर उरला. त्याच वर्षीं निशाणांतील पिवळा पट्टा काढून पांढरा घालण्यांत आला. लाल, पांढरा, हिरवा हे त्या पक्षाचे रंग! आनंदाचा पांढराच निशाणावर आला खरा. पण सोनें गेलें, आणि देशाच्या निशाणावर एका पक्षाची मुद्रा उठली, ही गोष्ट आम्हांस त्या सर्व कायद्यांइतकीच बोलकी वाटते.

२४ फेब्रुवारी १९६६ रोजीं एन्क्रुमा परदेशीं असतां सैन्यानें व पोलिसांनीं त्यांची सत्ता उलथविली. थोड्याच दिवसांत पिवळा पट्टा परत आला. आणि फातियेचें केंते? तें कोणीं जाळलें नाहीं. वीण तीच, रंग तेच. लोकांनीं नांव मात्र बदललें: ‘एकटा मनुष्य राज्य चालवीत नाहीं’.

डिसेंबर २०२४ मध्यें युनेस्कोनें केंतेच्या विणकामास मानवजातीच्या वारशाच्या यादींत स्थान दिलें. बाजारांत यंत्रावर छापलेलें स्वस्त केंतेही मिळतें, आणि हातमागाच्या विणकरास त्याच्याशीं टक्कर देणें जड जातें. थिओडोसियाबाई २०१५ पर्यंत हयात होत्या. आपला पिवळा पट्टा गेलेला आणि परत आलेला त्यांनीं पाहिला. हॉकीचा त्यांस मोठा नाद. आक्रा शहरांतील हॉकीच्या मैदानास त्यांचेंच नांव आहे.