एका राशीचं व्याज

पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात भाजक्या मातीचा एक शंकू आहे. उंची वीतभराहून थोडी जास्त. अंगावर खिळ्यांच्या ठशांसारखी सुमेरी अक्षरं, रकान्यांत दाटीवाटीनं भरलेली. इ.स.पू. 2400 च्या सुमारास दक्षिण इराकमधल्या लगशचा राजा एन्मेतेना यानं शेजारच्या उम्माशी चाललेल्या भांडणाची हकिगत त्यावर लिहवून घेतली. भांडण बांधाचं आणि पाण्याचं. दोन शहरांत तीसेक किलोमीटरचं अंतर, मधे गु-एदिना नावाचं सुपीक रान आणि हद्दीवरचा कालवा. लगशच्या देवांची एक 'गुरू' बार्ली उम्मानं व्याजानं उचलली, व्याज चढत गेलं आणि देणं 86,40,000 गुरू झालं, असं हा शंकू सांगतो.

गुरू म्हणजे धान्याची रास. पण आपल्या खळ्यावरची नव्हे. एका गुरूत 5,18,400 सिला मावत आणि सिला साधारण एक लिटरचा. बार्लीच्या वजनात मोजलं तर एक रास तीनशे टनांच्या वर जाते, म्हणजे दहा टनी ट्रक तीस-एकतीस. मूळ उचल एवढीच. तिला 86 लाख 40 हजारांनी गुणलं की सुमारे साडेचार लाख कोटी लिटर होतात. वजनात 270 कोटी टन. आज अख्ख्या जगात वर्षभरात पिकणारा गहू, तांदूळ, मका, ज्वारी, बाजरी, बार्ली असं सगळं तृणधान्य मिळून 280 कोटी टनांच्या आसपास भरतं! ही बार्ली ट्रकांत भरून दहा-दहा मीटरचे ट्रक एकामागे एक लावले, तर रांग चंद्रापर्यंतच्या अंतराच्या सातपट होईल.

आकडा वेडा वाटतो, पण त्यामागचं गणित सरळ आहे. सुमेरी लोक साठाच्या पटीत मोजत. साठ गुणिले साठ गुणिले साठ म्हणजे 2,16,000 आणि त्याची चाळीसपट म्हणजे 86,40,000. मेसोपोटेमियात बार्लीच्या कर्जावर तिसरा हिस्सा व्याज घेण्याची रीत होती. त्या दरानं चक्रवाढ लावली तर एका राशीच्या एवढ्या राशी व्हायला छप्पन्न वर्षं पुरतात. आजोबांनी उचल घ्यावी आणि नातवानं हिशेब ऐकावा, एवढाच काळ. हे देणं फेडता येणार नाही हे लगशलाही कळत असणार. मला तरी तो आकडा वसुलीपेक्षा युद्धाचं कारण म्हणूनच लिहिलेला दिसतो. उम्माचा राजा उर-लुम्मा यानं हद्दीच्या कालव्यांचं पाणी वळवलं, सीमेचे दगड फोडले, लढाई झाली आणि तो पळाला. गाढवांच्या साठ जोड्या कालव्याच्या काठावर तशाच सोडून गेला, असं शंकूवर लिहिलंय.

या सगळ्या हिशेबात मीठ मात्र कुणी धरलं नव्हतं. नदीच्या गोड्या पाण्यातही थोडा क्षार असतो. लिटरमागे 0.3 ग्रॅम धरू आणि एका हंगामात शेताला अर्धा मीटर पाणी दिलं असं मानू. एका हेक्टरला 50 लाख लिटर पाणी बसलं. पाणी पिकानं आणि उन्हानं घेतलं, मागे दीड टन मीठ उरलं. निचरा नसेल तर शंभर हंगामांत दीडशे टन. त्यात सतत पाणी मुरून भूजल वर आलं, की खालचं मीठही मुळांशी येतं.

थॉर्किल्ड जेकबसन आणि रॉबर्ट अ‍ॅडम्स या संशोधकांनी 1958 मध्ये जुन्या मातीच्या पाट्यांवरून या भागातल्या उताऱ्याचा अंदाज मांडला. इ.स.पू. 2400 ला हेक्टरी 2,537 लिटर, 2100 ला 1,460 आणि 1700 ला 897. मीठ सोसणारी बार्ली टिकली, गहू हळूहळू शेतातून गेला. या आकड्यांवर पुढे बरेच वाद झाले, पण खाऱ्या जमिनीचं दुखणं खरं होतं. आणि एन्मेतेना तर तिग्रिस नदीचं पाणी कालव्यानं याच रानाकडे आणल्याचं अभिमानानं सांगतो.

हे वाचताना मला कृष्णाकाठचं शिरोळ, मिरजेकडचं रान दिसत राहतं. उसाला पाट भरभरून पाणी दिलं, निचऱ्याचे ओढे बुजले आणि जमिनी क्षारपड झाल्या. उन्हाळ्यात सरीच्या वरंब्यावर पांढरा थर येतो, नखानं खरवडला तर सुटतो. ऊस गुडघ्याएवढाच राहून पिवळा पडतो. आता तिथले शेतकरी जमिनीखाली सच्छिद्र पाइप पुरून साचलेलं पाणी ओढ्याला काढून देतात. पाइपाच्या तोंडाशी बोट बुडवून जिभेला लावलं, तर चव खारट लागते.