मेंदूला बसलेला मुका मार

हात मोडला तर दिसतो. प्लास्टर घालतात, शेजारीपाजारी विचारपूस करतात. मेंदूला मुका मार बसला तर बाहेरून काहीच दिसत नाही. माणूस चालतो, बोलतो, कामावर जातो. पुढे काही वर्षांनी तो विसरायला लागतो, चिडतो, भरकटतो. मग लोक म्हणतात, याचा स्वभावच बिघडला. या वेळी आम्ही अमेरिकेतल्या एका खेळाडूची हकीकत सांगणार आहोत. हा मुका मार जगाला दिसला तो त्याच्या मरणानंतर.

माइक वेबस्टर १८ मार्च १९५२ रोजी विस्कॉन्सिन राज्यात जन्मला. बटाट्याच्या शेतावर वाढला. १९७४ मध्ये पिट्सबर्ग स्टीलर्स या व्यावसायिक संघाने त्याला घेतलं. अमेरिकन फुटबॉल म्हणजे आपल्या ओळखीचा पायाने खेळायचा फुटबॉल नाही. त्यात दोन्ही टोकांना निमुळता असलेला चेंडू हातात घेऊन पळतात आणि समोरचे अंगावर धावून जाऊन अडवतात. वेबस्टरची जागा 'सेंटर'ची. वाकून चेंडू दोन पायांमधून मागे द्यायचा आणि त्याच क्षणी समोरच्या धिप्पाड गड्याला डोक्याने, खांद्याने थोपवायचं. प्रत्येक डावात हेच.

तो १७ हंगाम खेळला, एकूण २४५ सामने. त्याच्या संघाने चार वेळा 'सुपर बोल' ही सर्वोच्च स्पर्धा जिंकली. लोक त्याला 'आयर्न माइक' म्हणत. दुखलं तरी मैदान सोडायचं नाही, ही त्याची ख्याती होती. १९९० च्या हंगामानंतर तो थांबला.

पुढचं आयुष्य मात्र उतरणीला लागलं. पैशाचे व्यवहार जमेनात. संसार मोडला. अंग दुखे, झोप येत नसे, बोलता बोलता धागा सुटे. १९९७ मध्ये या खेळातला सर्वात मोठा सन्मान त्याला मिळाला, पण तोवर कित्येक रात्री तो आपल्या गाडीत नाहीतर रेल्वे स्टेशनवर काढत होता. १९९९ मध्ये औषधाच्या खोट्या चिठ्ठ्या केल्याबद्दल कोर्टात उभं राहावं लागलं. २४ सप्टेंबर २००२ रोजी हृदयविकाराने तो गेला. वय अवघं पन्नास.

मार नेमका कुठे बसतो?

डब्यात खरवस ठेवा आणि डबा जोरात हिसडा. डब्याला पोचा येणार नाही, पण आतला खरवस कडांवर आपटून चिरफळेल. कवटीतल्या मेंदूचं तसंच होतं. हेल्मेट कवटी फुटण्यापासून वाचवतं, आतला मेंदू हलण्यापासून वाचवत नाही.

मेंदूतल्या पेशींना लांब तंतू असतात. त्या तंतूंच्या आतल्या बारीक नळ्यांना 'टाऊ' नावाचं प्रथिन आधार देतं. वारंवार हादरे बसले की हे प्रथिन सुटतं, त्याच्या गुठळ्या होतात आणि पेशी मरू लागतात. राग आवरणं, निर्णय घेणं, आठवण ठेवणं ही कामं करणारे भाग त्यात सापडतात. या आजाराला 'सीटीई' म्हणतात. बेशुद्ध पाडणारा फटकाच लागतो असं नाही. वर्षानुवर्षं बसलेले छोटे हादरेही साठत जातात. लक्षणं कित्येक वर्षांनी दिसतात. जिवंत माणसात हा आजार खात्रीने सांगणारी तपासणी अजून नाही, आणि तो बरा करणारं औषधही नाही.

पुरावा कोणाचा मानायचा?

वेबस्टरचं शवविच्छेदन डॉ. बेनेट ओमालू यांनी केलं. ते मूळचे नायजेरियाचे. मेंदू वरून धडधाकट दिसत होता. वरवर बघून त्यांनी विषय मिटवला नाही. पातळ काप करून, रंग देऊन सूक्ष्मदर्शकाखाली पाहिलं, तेव्हा टाऊच्या गुठळ्या दिसल्या. मुष्टियोद्ध्यांना असं होतं हे डॉक्टरांनी १९२८ पासून लिहून ठेवलं होतं. फुटबॉलपटूच्या मेंदूत ते आता सापडलं.

२००५ मध्ये त्यांचा लेख छापून आला. खेळ चालवणाऱ्या नॅशनल फुटबॉल लीगच्या वैद्यकीय समितीतल्या डॉक्टरांनी तो मागे घ्या अशी मागणी केली. लेख मागे घेतला गेला नाही. आणि गंमत बघा, याच लीगच्या निवृत्तिवेतन मंडळाने १९९९ मध्येच वेबस्टरला डोक्याच्या दुखापतींमुळे कायमचं अपंगत्व आल्याचं मान्य केलं होतं. पण ते कधीपासून धरायचं यावर वाद घातला. अखेर २००६ मध्ये कोर्टाने कुटुंबाच्या बाजूने निकाल दिला आणि १५ लाख डॉलरहून अधिक रक्कम मिळाली. खेळाचा आणि या आजाराचा संबंध आहे हे लीगच्या अधिकाऱ्याने उघडपणे कबूल करायला २०१६ उजाडलं.

निवृत्त खेळाडूंनी केलेल्या दाव्यात भरपाई ठरली, तिथेही एक मेख होती. बुद्धीची घसरण मोजताना काळ्या खेळाडूंची बुद्धी मुळातच कमी होती असं धरणारा हिशोब वापरला जाई. त्यामुळे तेवढ्याच आजारी काळ्या खेळाडूला भरपाई नाकारली जाण्याची शक्यता जास्त. दोन काळे माजी खेळाडू २०२० मध्ये कोर्टात गेले, आणि २०२१ मध्ये लीगने हा हिशोब सोडण्याचं मान्य केलं. जन्मावरून बुद्धी ठरवायची ही रीत आपल्याला कुणी समजावून सांगायला नको.

आपण काय लक्षात ठेवायचं?

डोक्याला मार लागलेल्या प्रत्येकाला सीटीई होत नाही. एकदा पडलेलं पोर बहुतेक वेळा पूर्ण बरं होतं. पण या गोष्टी पाळा:

• खेळताना डोक्याला मार लागून गरगरलं, गोंधळ झाला, तर त्या दिवशी पुन्हा मैदानात उतरायचं नाही. पहिला हादरा भरून येण्याआधी दुसरा बसला तर धोका मोठा.

• वारंवार उलटी, वाढत जाणारी डोकेदुखी, उठवूनही न उठणं, झटके, बोलणं अडखळणं, हातापायात अशक्तपणा, एक बाहुली मोठी दिसणं, नाकाकानातून रक्त किंवा पाणी येणं: यातलं एक जरी दिसलं तरी ताबडतोब दवाखाना गाठा. वाट पाहू नका.

• म्हातारी माणसं आणि रक्त पातळ करण्याची गोळी घेणारे यांना साधा मार लागला तरी दाखवून घ्या.

• घरात बाईच्या डोक्यावर वारंवार हात उचलला जात असेल, तर तिच्या मेंदूलाही असेच हादरे बसतात. डॉक्टरांना हे सांगायला लाजू नका. मार थांबवणं हाच पहिला उपचार आहे.

• डोक्याला मार खाल्लेला माणूस बदलला, विसरू लागला, विनाकारण भडकू लागला, तर त्याला नालायक ठरवू नका, भगताकडेही नेऊ नका. मेंदूच्या डॉक्टरांकडे न्या आणि पूर्वी लागलेला प्रत्येक मार आठवून सांगा.

वेबस्टरच्या घरच्यांना त्याच्या वागण्याचं कारण तो गेल्यावर समजलं. तुमच्या घरात असं कुणी असेल, तर ते आजच विचारा.