विनोदी जोड्या – भाग ५ : जेराल्ड वायली कोण?

गेल्या आठवड्यात आपण एरिक मोरकॅम्ब आणि अर्नी वाइज यांची जोडी पाहिली. ते दोघे पोरवयातच एकत्र आले आणि जन्मभर एकमेकांच्या नावानेच ओळखले गेले. रॉनी बार्कर आणि रॉनी कॉर्बेट यांचं तसं नव्हतं. १९६६ साली 'द फ्रॉस्ट रिपोर्ट'मध्ये ते प्रेक्षकांसमोर एकत्र आले, तेव्हा दोघेही पस्तिशीत होते आणि दोघांनीही रंगभूमीवर बरीच वर्षं काढली होती. बीबीसीवर १९७१ ते १९८७ 'द टू रॉनीज' चालला, त्या काळातही बार्करच्या 'पॉरिज' आणि 'ओपन ऑल अवर्स' या मालिका स्वतंत्रपणे गाजत होत्या. जोडी टिकली त्याचं मोठं कारण मला हेच वाटतं, की दोघांपैकी कुणाचंच पोट एकट्या जोडीवर अवलंबून नव्हतं.

पण आजचा विषय बार्कर. १९२९ साली बेडफर्डला जन्म, बालपण ऑक्सफर्डमध्ये, काही काळ बँकेत कारकुनी, मग १९४८पासून एल्सबरीच्या नाटक कंपनीत काम. तिथे दर काही दिवसांनी नवं नाटक उभं राहायचं. पाठांतर, वेशांतर, आवाज बदलणं हे सगळं त्याच्या अंगात तिथेच मुरलं. भूमिकेचा आडोसा मिळाला की हा माणूस काहीही करायचा. 'मी रॉनी बार्कर' म्हणून लोकांसमोर उभं राहायचं म्हटलं की मात्र तो अवघडायचा. म्हणून 'द टू रॉनीज'मध्ये मोठ्या खुर्चीत बसून, विषयांतरं करत किस्सा रंगवण्याचं काम कॉर्बेटकडे आलं. बार्कर कुठल्यातरी संस्थेचा प्रवक्ता बनून, शब्दांची अडखळती कसरत करत गंभीर निवेदन द्यायचा. सुरुवातीच्या आणि शेवटच्या खोट्या बातम्या दोघे शेजारी बसून वाचत.

आडोशाची ही गरज त्याच्या लेखनातही होती. १९६८च्या सुमाराला 'फ्रॉस्ट ऑन संडे' या कार्यक्रमाकडे जेराल्ड वायली नावाच्या अनोळखी लेखकाची प्रहसनं येऊ लागली. ती चांगली होती, स्वीकारली जात होती, पण लेखकाला कुणी पाहिलं नव्हतं. टॉम स्टॉपार्डसारख्या नाटककारांची नावं घेऊन तर्क चालले. कॉर्बेटला त्यातलं एक प्रहसन रंगमंचासाठी हवं होतं. वायलीने एजंटमार्फत ३,००० पौंड मागितले. ही रक्कम फार होते, असं बार्करनेच कॉर्बेटला सांगितलं! पुढे वायलीने ते फुकट देऊन टाकलं, आणि कॉर्बेटने आभार म्हणून त्याच्या नावाची आद्याक्षरं कोरलेले काचेचे पेले पाठवले. अखेर वायलीने सगळ्यांना एका चिनी हॉटेलात जेवायला बोलावलं, आणि तिथे बार्कर उठून म्हणाला, वायली मीच. पहिल्यांदा कुणाचा विश्वासच बसेना.

कार्यक्रमातल्या नटाने लिहिलेलं प्रहसन भिडेखातर घेतलं जातं, हे बार्करला ठाऊक होतं. त्याला तशी सवलत नको होती. नाव झालेल्या माणसाने असा धोका पत्करणं मला फार मोलाचं वाटतं.

१९७६चं हार्डवेअरच्या दुकानाचं प्रहसन याच वायलीचं. गिऱ्हाईक बार्कर, दुकानदार कॉर्बेट. गिऱ्हाईक 'ह' गिळून बोलतं, त्यामुळे 'फोर्क हँडल्स', म्हणजे बागेतल्या काट्याचे दांडे, दुकानदाराला 'फोर कँडल्स' ऐकू येतात आणि तो चार मेणबत्त्या समोर ठेवतो. पुढची प्रत्येक मागणी अशीच चुकत जाते. दोघांपैकी कुणीही मुद्दाम विनोद करत नाही. गिऱ्हाइकाचं म्हणणं बरोबर, दुकानदाराची समजूतही बरोबर, आणि कॉर्बेटचा वैताग पायरीपायरीने चढतो. तो वैताग इतका खरा नसता, तर हे प्रहसन नुसती शब्दांची कोटी होऊन राहिलं असतं. बार्करच्या हस्ताक्षरातली ही संहिता पुढे लिलावात विकली गेली.

१९८७च्या अखेरीस, अठ्ठावन्नाव्या वर्षी, लोकप्रियता शाबूत असताना बार्कर निवृत्त झाला. आधीच चित्रित झालेली 'क्लॅरेन्स' ही मालिका १९८८मध्ये आली, तिच्यावरही लेखक म्हणून बॉब फेरिस हे टोपणनावच होतं. पत्नी जॉयबरोबर त्याने चिपिंग नॉर्टन गावात जुन्या वस्तूंचं दुकान थाटलं आणि बरीच वर्षं चालवलं. २००२ साली 'द गॅदरिंग स्टॉर्म'मध्ये चर्चिलचा नोकर म्हणून तो पुन्हा दिसला. २००५मध्ये, मृत्यूच्या वर्षी, जुनी प्रहसनं निवडून पुन्हा दाखवायला दोघे रॉनी एकत्र बसले.

पुढच्या भागात डॉन फ्रेंच आणि जेनिफर सॉन्डर्स.